‘कर्टल’ला शेपूट कुणी लावलं?

इंग्रजीतलं ‘कर्टेल’ हे क्रियापद आपल्याकडे बऱ्याच जणांच्या तोंडी असतं. कंपनीच्या बैठकीत खर्च कर्टेल होतो, कार्यक्रम लांबला की भाषणं कर्टेल होतात, आणि वीज क्षेत्रातली माणसं सौर-पवन ऊर्जेच्या ‘कर्टेलमेंट’बद्दल सारखी बोलत असतात. अर्थ सगळ्यांना माहीत आहे: छाटणं, आखडतं घेणं. शब्द आला कुठून असं विचारलं, तर उत्तर बहुतेक वेळा शब्दाकडे बघूनच दिलं जातं. शेवटी ‘टेल’ दिसतंच आहे, म्हणजे शेपूट कापणं असणार.

हे उत्तर चुकीचं आहे. पण ते हवेतून आलेलं नाही. शब्दाच्या इतिहासात एक खरा घोडा आहे आणि त्याची शेपटीही खरोखर कापलेली आहे. म्हणूनच हे प्रकरण मला बारकाईनं तपासण्यासारखं वाटतं. कोणताही पुरावा खोटा नसताना निष्कर्ष मात्र चुकतो, असं इथे घडलं आहे.

मुळात शब्द आहे ‘कर्टल’. स्पेलिंग सी-यू-आर-टी-ए-एल. हे विशेषण आहे, नामही आहे, आणि अर्थ ‘आखूड केलेला, छाटून कमी केलेला’. आज इंग्रजी मातृभाषा असलेल्या माणसालाही तो सहसा ठाऊक नसतो; सोळाव्या शतकात मात्र तो घोड्यांच्या बाजारात, तोफखान्यात आणि वादकांच्या घोळक्यात वापरला जाणारा चालता-बोलता शब्द होता. त्याच्यात एक ‘आय’ शिरला आणि ‘कर्टेल’ तयार झालं. माझं म्हणणं थोडक्यात असं की शेपूट घोड्याला होतं, शब्दाला नव्हतं. ते पटवायचं तर शब्दाचं कूळ पाहावं लागेल, आणि त्याहूनही जास्त, हा शब्द कोणकोणत्या वस्तूंना लावला जायचा ते पाहावं लागेल.

कूळ

इंग्रजीनं हा शब्द फ्रेंचमधून घेतला. फ्रेंचमध्ये ‘कूर’ म्हणजे आखूड, आणि त्याला एक प्रत्यय लागून ‘कूर्तो’ झाला. हा प्रत्यय मूळचा जर्मानिक भाषांमधला, ‘वाल्ड’. अर्थ सत्ता, अधिकार. हॅरल्ड आणि जेरल्ड या नावांच्या शेवटी तोच बसलेला आहे. मात्र फ्रेंचमध्ये साध्या विशेषणांना तो चिकटू लागला तेव्हा त्याचा रुबाब गेला आणि हेटाळणी आली. ‘लूर्दो’ म्हणजे मठ्ठ, ‘रुस्तो’ म्हणजे गावंढळ. मराठीत बुटका आणि बुटक्या, टकला आणि टकल्या यांत जो फरक पडतो, साधारण तसाच ‘कूर’ आणि ‘कूर्तो’ यांत पडतो. ‘कूर्तो’ हा आखुड्या. फ्रान्समध्ये दुकानात राबणाऱ्या पोऱ्यालाही ‘दुकानातला कूर्तो’ म्हणत, कारण तो आखूड डगला घालायचा.

‘कूर’च्या मागे लॅटिन ‘कुर्तुस’ आहे: कापलेला, तोकडा. इंग्रजीतलं ‘कर्ट’ त्याच ‘कुर्तुस’वरून थेट आलं, तुटक बोलण्याला, त्रोटक उत्तराला ते लावतात. ‘कुर्तुस’च्याही मागे गेलं की ‘कापणे’ या अर्थाचा इंडो-युरोपीय धातू लागतो, आणि तिथे आपली भेट होते. संस्कृतातला कृत् धातू याच कुळातला. त्याच्यापासून कर्तन आणि कर्तरी, आणि कर्तरीपासून आपली कातर, कात्री, कातरणं. जर्मानिक बाजूनं याच कुळातून इंग्रजीला ‘शॉर्ट’ मिळाला, शिवाय ‘शर्ट’ आणि ‘स्कर्ट’ही, दोन्ही मुळात आखूड कापलेली वस्त्रं. म्हणजे शिंप्याच्या हातातली कात्री, त्यानं बेतलेला शर्ट आणि सोळाव्या शतकातला ‘कर्टल’ हे दूरचे का होईना, भाऊबंद आहेत.

या सगळ्या वंशावळीत शेपूट कुठेच नाही. इंग्रजी ‘टेल’ हा वेगळाच शब्द. तो जुन्या इंग्रजीतून सरळ खाली आलेला, फ्रेंच-लॅटिनशी त्याचा संबंध नाही. तेव्हा ‘कर्टल’मधला ‘टल’ म्हणजे ‘कुर्तुस’मधला ‘त’ आणि त्याला लागलेला तो जर्मानिक प्रत्यय. तिथे काही कापलेलं असेल तर तो प्रत्ययच झिजून आखूड झालेला आहे.

घोडा, तोफ, पावा

आता वस्तूंकडे. इंग्रजीत ‘कर्टल’ सर्वांत आधी घोड्याला लागलेला दिसतो, सोळाव्या शतकाच्या तोंडाशी. शेपटीचे मणके कापून ती आखूड केलेला घोडा तो कर्टल. शेपटी जुंपणीच्या सामानात आणि लगामात अडकू नये, हे एक कारण देत. दुसरं कारण निव्वळ फॅशन. घोड्याला मात्र माशा हाकलायलाही काही उरत नसे. ब्रिटनमध्ये ही पद्धत बंद करणारा कायदा १९४९ साली झाला, यावरून ती किती मुरलेली होती ते कळेल. शेक्सपिअरच्या ‘ऑल्स वेल दॅट एंड्स वेल’मध्ये म्हातारा लफ्यू म्हणतो की या पोरांसारखं तारुण्य परत मिळणार असेल तर मी माझा तांबूस कर्टल त्याच्या खोगीर-साजासकट देऊन टाकीन. तिथे ‘कर्टल’ हे घोड्याचं नावच झालं आहे.

इथवर शेपटीची बाजू भक्कम वाटते. पण त्याच काळातली दुसरी वस्तू घेऊ. ९ सप्टेंबर १५१३ रोजी फ्लॉडनच्या लढाईत स्कॉटलंडचा राजा चौथा जेम्स मारला गेला. इंग्लंडवर चालून जाताना त्यानं बैलांच्या रांगा जुंपून जड तोफखाना बरोबर नेला होता, आणि त्यात ‘कर्टल्ड’ नावाच्या तोफा होत्या. हा आपलाच शब्द, स्कॉट उच्चारातला. आखूड नळीची, वेढ्यात तटबंदी फोडायच्या कामाची तोफ. तोफेला शेपूट नसतं. शिवाय ती लहानही नव्हती. तिची नळी तिच्या जाडीच्या मानानं आखूड होती, एवढंच. शब्द मोजत होता ते प्रमाण.

तिसरी वस्तू मला सर्वांत आवडते. बासून हे आजच्या वाद्यवृंदातलं खर्जातलं सुषिर वाद्य. त्याचा पूर्वज युरोपात डल्सियन नावानं ओळखला जातो आणि सोळाव्या शतकाच्या उत्तरार्धातले इंग्रज त्याला ‘कर्टल’ म्हणत. खर्जाचा स्वर काढायचा तर हवेची नळी लांब हवी. पण माणसाच्या उंचीहून लांब नळी हातात धरून चालायचं कसं? कारागिरानं एकाच लाकडी ठोकळ्यात दोन समांतर भोकं पाडली आणि ती तळाशी आतून जोडली. हवा एका भोकातून खाली जाते, वळते आणि दुसऱ्यातून वर येते. सनईला असते तशी दुहेरी पात एका वाकड्या धातूच्या नळीवर बसवली की वाद्य तयार. आतली नळी लांबच राहिली, बाहेरचं लाकूड मात्र जवळपास निम्म्यावर, सुमारे मीटरभरावर आलं. इथे काहीही कापलेलं नाही. दुमडून आखूड केलं आहे, आणि इंग्रजांना त्यासाठी ‘कर्टल’ हाच शब्द सुचला. शब्दाचा गाभा ‘शेपूट छाटलेला’ असता तर वाद्याला हे नाव मिळण्याचं काही कारणच नव्हतं.

चौथा पुरावा माणसांचा, आणि तो थोडा गुंतागुंतीचा आहे. रॉबिन हूडच्या पोवाड्यांमध्ये फाउंटन्स मठातला एक ‘कर्टल फ्रायर’ येतो. फ्रायर म्हणजे भिक्षा मागत फिरणारा ख्रिस्ती संन्यासी. तो रॉबिनला पाठीवर घेऊन नदी पार करतो आणि मध्येच पाण्यात टाकतो. पुढे फ्रायर टक म्हणून प्रसिद्ध झालेल्या पात्राशी त्याची सांगड घातली जाते. (फाउंटन्स हा यॉर्कशरमधला सिस्टर्शियन संन्याशांचा मठ. फिरस्ते फ्रायर हा पंथच निराळा आणि तो इंग्लंडात आला १२२० नंतर. पण पोवाड्याला असल्या गोष्टींचं सोयरसुतक नसतं.) त्याला ‘कर्टल’ का म्हणत? एक मत असं की तो आखूड झगा घालायचा. दुसरं मत असं की मठाच्या परसबागेची देखरेख करणाऱ्याला लॅटिनमध्ये ‘कुर्तिलारियुस’ म्हणत, त्याचं हे बिघडलेलं रूप. तसं असेल तर ‘आखूड’शी त्याचा काही संबंध नाही, अंगण-परसाशी आहे.

मला पहिलं मत बळकट वाटतं. कारण १५६१ साली जॉन ऑडलीनं इंग्लंडमधल्या भटक्या भामट्यांच्या प्रकारांची जी यादी छापली, तिच्यात ‘कर्टल’ नावाचा एक प्रकार आहे आणि त्याची खूण आखूड डगला अशी दिली आहे. तो डगला कोणासारखा, तर करड्या वस्त्रांतल्या फ्रायरांसारखा. फ्रायर, आखूड वस्त्र आणि ‘कर्टल’ हे तिन्ही एकाच वर्णनात समकालीन माणसानं एकत्र आणलेले आहेत. फ्रान्समधल्या दुकानातल्या पोऱ्याचा आखूड डगलाही याच बाजूनं साक्ष देतो.

घोडा, तोफ, वाद्य, झगा. चार वस्तूंपैकी एकीलाच शेपूट. चारींत समान काय, तर नेहमीच्या मापापेक्षा आखूडपणा.

आणि एक नातलग इथेच नोंदवतो. ब्रिटनच्या राज्याभिषेकात ‘कर्टाना’ नावाची तलवार मिरवतात; तिचं टोक मुद्दाम कापलेलं आहे, म्हणून ती दयेची तलवार. १२३६ सालच्या राज्याभिषेकात या नावाच्या तलवारीचा उल्लेख सापडतो, आणि ६ मे २०२३ रोजी तिसऱ्या चार्ल्सच्या राज्याभिषेकातही ती होती. नाव ‘कुर्तुस’वरूनच.

कुत्र्यानं घातलेला गोंधळ

लोकांच्या मनात शेपूट पक्कं बसवलं ते घोड्यापेक्षा कुत्र्यानं. ‘कर्टल डॉग’ हा जोडशब्द शेक्सपिअरच्या काळात रूढ होता. ‘द मेरी वाइव्ज ऑफ विंडसर’मध्ये पिस्टल फोर्डला सांगतो की काही बाबतींत आशा म्हणजे कर्टल कुत्रा. शेपटी तुटलेला, शिकारीत भरवसा ठेवता न येणारा, असा भाव. शेपटीवाचून कुत्र्याला नीट धावता येत नाही अशी समजूत होती. ‘द कॉमेडी ऑफ एरर्स’मध्ये एक नोकर घाबरून म्हणतो की त्या बाईनं मला कर्टल कुत्रा बनवून चाकात फिरवलं असतं. हे चाक स्वयंपाकघरातलं. मांस भाजायची सळई फिरवायला त्या काळी चाकात कुत्रा चालवत. त्यासाठी आखूड पायांची, लांब अंगाची एक खास जात होती. वेल्समधल्या ॲबरगेव्हनीच्या संग्रहालयात तसा एक पेंढा भरलेला कुत्रा अजून पाहायला मिळतो.

या कर्टल कुत्र्याबद्दल पुढच्या काळातल्या टीकाकारांनी एक कथा सांगितली आणि ती बराच काळ पुस्तकापुस्तकांतून फिरत राहिली. राजाच्या जंगलात शिकारीचा हक्क नसलेल्या माणसाच्या कुत्र्याची शेपटी वनकायद्यानं कापली जायची, म्हणून तो ‘कर्टल’. कथा ऐकायला नेमकी वाटते. पण कायदा काढून पाहिला तर वेगळंच दिसतं. इंग्लंडच्या १२१७ सालच्या वनसनदेत कुत्र्यांबद्दल कलम आहे, आणि त्यात सांगितलेली खूण शेपटीची नाही. पुढच्या पायाची तीन नखं कापावीत, असं त्यात आहे. कुत्र्याला हरणामागे धावता येऊ नये हा त्याचा हेतू. त्या शिक्षेचं इंग्रजी नावही निराळं होतं. म्हणजे कायद्यात पंजा होता आणि कथेत त्याची शेपटी झाली. मला वाटतं, ती शब्दानंच केली. ‘कर्टल’मध्ये ‘टेल’ ऐकू यायला लागल्यावर त्याला साजेसं कारण शोधलं गेलं, आणि कायदा हाताशी होताच.

‘आय’ कसा शिरला

सोळाव्या शतकातल्या इंग्रजीत स्पेलिंग पक्कं नव्हतं. एकाच पानावर एक शब्द दोन प्रकारे लिहिलेला सापडतो आणि त्यात कुणाला वावगं वाटत नसे. ‘कर्टल’ नामावरून क्रियापद झालं तेव्हा त्याच्या शेवटी कधी एक ‘एल’, कधी दोन, कधी मध्ये ‘वाय’, कधी ‘आय’ असं चाललं होतं. उच्चार मात्र पहिल्या अक्षरावर जोर देऊन व्हायचा. याचा पुरावा फार सुंदर आहे. ‘तिसरा रिचर्ड’ या नाटकाच्या सुरुवातीच्या स्वगतात रिचर्ड आपल्या वाकड्या देहाबद्दल बोलताना म्हणतो की सुडौल ठेवणीतून माझी काटछाट झाली आहे. ती ओळ छंदात म्हणून पाहिली की जोर ‘कर्’वरच पडतो, आजच्यासारखा ‘टेल’वर टाकला तर ओळ लंगडते. म्हणजे १५९३च्या सुमारास रंगमंचावर हा शब्द ‘कर्’टल असा, अजून आपल्या बापाच्या उच्चारात, ऐकू येत होता.

मग दोन बाजूंनी ओढ लागली. एक ओढ फ्रेंच ‘तायी’ या क्रियापदाची: कापणे. इंग्रजीतले ‘टेलर’, ‘रिटेल’, ‘डिटेल’ त्याच्यापासून आलेले. कापड कापणारा, तुकडे पाडून विकणं, तुकड्यातुकड्यानं सांगणं. ‘कर्टेल’ म्हणजेही कापणंच, तेव्हा शब्द त्या रांगेत जाऊन बसला. दुसरी ओढ शेपटीच्या ‘टेल’ची. या दोहोंत दुसरी जिंकली, आणि ती का जिंकली हा मला या प्रकरणातला कळीचा प्रश्न वाटतो. कारण ‘रिटेल’ आणि ‘डिटेल’मध्येही तीच चार अक्षरं आहेत, तरी तिथे कुणाला शेपूट दिसत नाही. नुसत्या अक्षरांच्या सारखेपणानं लोकव्युत्पत्ती, म्हणजे लोकांनी ऐकीव सारखेपणावरून लावलेली व्युत्पत्ती, तयार होत नाही. डोळ्यासमोर वस्तूही लागते. ‘कर्टल’च्या बाबतीत ती वस्तू रस्त्यावर रोज दिसत होती: आखूड शेपटीचा घोडा, बांडा कुत्रा. कान आणि डोळे एकाच वेळी एकच गोष्ट सांगायला लागले की व्युत्पत्ती कोण विचारतो!

आपल्याकडच्या छावण्यांमध्येही असंच घडलं. पहारेकरी अंधारात ‘हू कम्स देअर’ असं दरडावून विचारायचा. हिंदी शिपायांच्या तोंडी त्याचं ‘हुकुमदार’ झालं. हुकूम हा फौजेतला रोजचा शब्द, ‘दार’ हा सुभेदार-हवालदारातला रोजचा प्रत्यय. परका आवाज ओळखीच्या दोन तुकड्यांत बसला आणि टिकला.

इंग्रजीत हे सगळं घडल्याचं सर्वांत स्पष्ट निदान सॅम्युअल जॉन्सननं केलं. १७५५ साली प्रसिद्ध झालेल्या त्याच्या कोशात ‘कर्टेल’ची नोंद पाहण्यासारखी आहे. तो मूळ लॅटिन धातू देतो, पूर्वी हा शब्द ‘कर्टल’ असा लिहीत हे सांगतो, तेच कदाचित अधिक योग्य असंही म्हणतो. आणि मग कारण देतो: शेपटी कापलेल्या कुत्र्यांना कर्टल म्हणत, त्यावरून सामान्य लोकांचा समज झाला की शब्दाचा मूळ अर्थच शेपटी कापणं असा आहे, आणि कालांतरानं स्पेलिंगही त्या समजुतीप्रमाणे झालं. लोकव्युत्पत्तीला शास्त्रीय नाव मिळायच्या कितीतरी आधी एका कोशकारानं तिची पूर्ण यंत्रणा तीन-चार ओळींत मांडली. चुकीचं रूप रूढ झालं म्हणून त्यानं ते हाकलूनही दिलं नाही. रूढ रूप मथळ्याला ठेवलं आणि खरी हकिकत खाली लिहिली. कोशकारानं कसं वागावं याचा हा नमुना आहे, असं मला मनापासून वाटतं.

जॉन्सननं सांगूनही उपयोग झाला नाही. जोर हळूहळू ‘टेल’वर सरकला आणि कायमचा तिथे बसला. नाविकांनी तर त्यावर कोटीही केली. जहाजावर संध्याकाळी चार ते सहा आणि सहा ते आठ असे दोन अर्धे पहारे असतात, त्यांना ‘डॉग वॉच’ म्हणतात. का? तर ते ‘कर-टेल’ केलेले असतात, आणि ‘कर’ म्हणजे गावठी कुत्रं. कोटी छान आहे, पण ती जमायला शब्दाचे दोन तुकडे पडून शेपूट वेगळं निघावं लागतं. ‘कर्टल’चे ते पडले नसते.

कुऱ्हाड नसलेली कुऱ्हाड

इथे प्रकरणाला एक उपकथा आहे, आणि ती सोडवत नाही. ‘ॲज यू लाइक इट’मध्ये रोझलिंड पुरुषवेष घ्यायचं ठरवते तेव्हा म्हणते की मी मांडीशी एक झोकदार ‘कर्टल-ॲक्स’ लटकवीन. आखूड कुऱ्हाड? नाही. ती तलवार आहे, आखूड आणि रुंद पात्याची, जिला आज ‘कटलस’ म्हणतात. शब्द फ्रेंच ‘कूतला’पासून आला, आणि तो ‘सुरी’ या अर्थाच्या शब्दावरून. इंग्रजांच्या कानाला त्या परक्या आवाजाच्या पहिल्या भागात ‘कर्टल’ ऐकू आला, उरलेल्या भागात ‘ॲक्स’, म्हणजे कुऱ्हाड. दोन्ही कल्पित.

यातून एक उपयोगी गोष्ट कळते. ज्या काळात ‘कर्टल’चं ‘कर्टेल’ होत होतं, त्याच काळात ‘कर्टल’ हा स्वतः इतका ओळखीचा शब्द होता की दुसऱ्या परक्या शब्दाला समजून घ्यायला लोक त्याचा आधार घेत होते. आणि त्या तलवारीच्या बाबतीत त्यांना त्यात जो अर्थ ऐकू येत होता, तो निव्वळ ‘आखूड’. शेपटीचा इथे मागमूस नाही. तोफ आणि वाद्य यांच्या शेजारी हा पाचवा साक्षीदार म्हणून मी उभा करतो, जरी तो स्वतः चुकून आलेला असला तरी.

हॉपकिन्सचं गणित

अठराव्या शतकानंतर ‘कर्टल’ जवळजवळ विझला. त्याला पुन्हा काम दिलं ते जेरार्ड मॅन्ली हॉपकिन्सनं. हॉपकिन्स इंग्रज कवी आणि जेझुइट धर्मगुरू. ऑक्सफर्डमध्ये असतानाच्या त्याच्या रोजनिशीत शब्दांची कुळं लावण्याची टिपणं पानोपानी आहेत. शब्द उचलण्याआधी तो उलटसुलट करून पाहणारा माणूस. १८७७च्या उन्हाळ्यात, उत्तर वेल्समध्ये सेंट ब्यूनोज इथे शिकत असताना त्यानं ‘पाइड ब्यूटी’ ही कविता लिहिली. ठिपक्याठिपक्यांच्या, कबऱ्या, पट्टेरी सृष्टीबद्दल देवाचे आभार मानणारी. तिच्या घाटाला त्यानं नाव दिलं ‘कर्टल सॉनेट’. १८७९ साली ‘पीस’ ही कविता त्यानं त्याच घाटात लिहिली.

सॉनेट म्हणजे आपलं सुनीत. मराठीत ते केशवसुतांनी आणलं आणि त्याला चतुर्दशक म्हटलं, कारण ओळी चौदा. इटालियन पद्धतीच्या सुनीतात त्या चौदा ओळी आठ आणि सहा अशा विभागतात. आठ ओळींत विषय मांडायचा, मग वळण, मग सहा ओळींत त्याचा निकाल. आता हे आखूड करायचं तर सरळ उपाय कोणता? शेवटच्या तीन-चार ओळी कापून टाकायच्या. म्हणजे शेपूट छाटायचं.

हॉपकिन्सनं तसं केलं नाही. आपल्या कवितांच्या प्रस्तावनेसाठी लिहिलेल्या टिपणात त्यानं अपूर्णांकात हिशेब दिला आहे. आठाच्या सहा केल्या आणि सहाच्या साडेचार, म्हणजे दोन्ही भाग बरोबर पाऊणपट. आठास सहा हे प्रमाण चारास तीन. सहास साडेचार हेही चारास तीनच. एकूण साडेदहा ओळी. वळण जिथे यायचं तिथेच, त्याच प्रमाणावर येतं. सगळी कविताच एका मापानं लहान झालेली असते. ‘पाइड ब्यूटी’त पहिल्या भागात सहा ओळी आहेत, दुसऱ्यात चार, आणि मग नुसत्या दोन शब्दांची शेवटची तोकडी ओळ: त्याची स्तुती करा. त्या तोकड्या ओळीला हॉपकिन्स स्वतः ‘टेलपीस’ म्हणतो. म्हणजे इतर सगळं आखूड करून झाल्यावर या सुनीताला शेपूट शिल्लक आहे, आणि कवीनं ते शेपूट म्हणूनच ओळखलं आहे. फ्लॉडनच्या तोफेत आणि दुमडलेल्या वाद्यात जो अर्थ होता, प्रमाण सांभाळून किंवा बदलून आखूड होणं, तोच इथे परत आलेला दिसतो.

या कविता त्याच्या हयातीत छापल्या गेल्या नाहीत. तो १८८९ साली गेला. मित्र रॉबर्ट ब्रिजेस यानं संग्रह प्रसिद्ध केला तो १९१८ साली. आज इंग्रजी कोशांत ‘कर्टल’ विशेषणाच्या नोंदीत घोडा आणि फ्रायर यांच्या शेजारी हे सुनीत असतं, आणि जुनी वाद्यं पुन्हा घडवणारे कारागीर सोडले तर जिवंत वापर बहुतांशी या सुनीतापुरताच उरला आहे.

हॉपकिन्सच्या बाबतीत आणखी एक पुरावा आहे आणि माझ्या दृष्टीनं तोच निर्णायक आहे. सुनीताला उलट शेपूट जोडण्याचीही एक जुनी इटालियन रीत आहे: चौदा ओळी पूर्ण झाल्यावर पुढे आखूड ओळींचे जादा तुकडे लावायचे. त्याला इंग्रजीत ‘कॉडेट’ सॉनेट म्हणतात, लॅटिन ‘काउदा’ म्हणजे शेपूट यावरून. मिल्टननं तसं एक लिहिलं होतं आणि हॉपकिन्सनं त्याबद्दल ब्रिजेसकडे विचारणा केली होती. १८८७ साली त्यानं ‘टॉम्स गार्लंड’ दोन शेपट्या लावून लिहिलं, पुढच्या वर्षी ग्रीक तत्त्वज्ञ हेराक्लिटसच्या अग्नीवरच्या सुनीताला तीन लावल्या. सुनीताचं शेपूट म्हणजे नेमकं काय आणि ते कुठे जोडलं जातं, हे त्याच्याइतकं त्या काळात फार थोड्यांना माहीत असेल. ‘शेपूट नसलेलं’ असं म्हणायचं असतं तर ‘कॉडेट’च्या विरुद्ध अर्थाचा शब्द त्याला सहज घडवता आला असता. त्यानं ‘कर्टल’ निवडला, आणि तो ‘आय’ न घालता लिहिला.